सरकारी वकील म्हणून काढलेली वर्षे: राज्याच्या विधी पदांवरील कारकिर्दीकडे कसे पाहावे?

कऱ्हाकाठ (धागाकर्ता):

यशवंत विष्णू चंद्रचूड यांचे नाव निघाले की बोलणे बहुधा १९७८ ते १९८५ या काळाकडे वळते. ते साहजिक आहे, कारण सरन्यायाधीशपदावर त्यांच्याइतका दीर्घ काळ आजवर कोणीही राहिलेले नाही. या धाग्यात मला त्यांच्या त्याआधीच्या, फारशा न बोलल्या जाणाऱ्या वर्षांबद्दल लिहायचे आहे. पुण्यात १२ जुलै १९२० रोजी जन्मलेल्या आणि नूतन मराठी विद्यालयात शिकलेल्या चंद्रचूडांनी पुण्याच्याच आयएलएस विधी महाविद्यालयातून कायद्याची पदवी घेतली आणि १९४३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात वकिली सुरू केली. १९५२ मध्ये ते सहायक सरकारी वकील झाले, १९५८ मध्ये सरकारी वकील झाले आणि मार्च १९६१ मध्ये त्याच न्यायालयाचे न्यायाधीश झाले. म्हणजे न्यायासनावर बसण्यापूर्वीची जवळजवळ नऊ वर्षे त्यांनी राज्याची बाजू मांडण्यात घालवली.

ही नऊ वर्षे साधी नव्हती. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भ, मराठवाडा, सौराष्ट्र आणि कच्छ मुंबई राज्याला जोडले गेले आणि वेगवेगळ्या कायद्यांखाली वाढलेले प्रदेश एका शासनाखाली आले. १९४८ च्या कूळ कायद्यात १९५६ मध्ये मोठी दुरुस्ती झाली आणि १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरून कसणारी कुळे जमिनीची मालक मानली गेली. त्या दुरुस्तीला जमीनमालकांनी दिलेले आव्हान थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९५८ मध्ये ती वैध ठरली. अशा काळात अपील शाखेतल्या सरकारी वकिलाच्या टेबलावर काय काय येत असेल, याची कल्पना उच्च न्यायालयात वावरलेल्या कोणालाही करता येईल.

त्या वर्षांतला सर्वांत गाजलेला खटला नानावटींचा होता. खुनाचा आरोप असलेले नौदलाचे कमांडर नानावटी यांच्या बाजूने ज्युरीने आठ विरुद्ध एक असा कौल दिला. सत्र न्यायाधीशांना तो पटला नाही आणि त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवले. तेथे राज्याच्या वतीने चंद्रचूड उभे राहिले. वृत्तपत्रे आणि मुंबईतले जनमत मोठ्या प्रमाणावर आरोपीच्या बाजूने झुकलेले असताना, पुरावा आणि ज्युरीला केलेल्या मार्गदर्शनातल्या चुका न्यायालयापुढे शांतपणे ठेवण्याचे काम त्यांच्याकडे आले. ११ मार्च १९६० रोजी न्यायमूर्ती शेलत आणि न्यायमूर्ती नाईक यांनी नानावटींना खुनाबद्दल दोषी ठरवून जन्मठेप दिली.

मला सर्वांत विचार करायला लावणारी गोष्ट त्याच दिवशी घडली. राज्यपालांनी शिक्षेची अंमलबजावणी स्थगित करून नानावटींना नौदलाच्या ताब्यात ठेवण्याचा आदेश काढला. आता त्या आदेशाचे समर्थन करण्याची जबाबदारी राज्याचे महाधिवक्ता, म्हणजे सर्वांत वरचे विधी अधिकारी, होर्मसजी सीरवाई यांच्यावर आली. राज्याच्या एका विधी अधिकाऱ्याने शिक्षा मिळवली आणि त्याच राज्याच्या दुसऱ्या विधी अधिकाऱ्याला ती शिक्षा थांबवण्याच्या अधिकाराची बाजू मांडावी लागली. उच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने आदेश वैध ठरवला. सर्वोच्च न्यायालयाने मात्र सप्टेंबर १९६० मध्ये, अपील आपल्यापुढे असताना राज्यपालांना असे करता येणार नाही, असे बहुमताने सांगितले. दोघांनीही आपापले काम पूर्ण निष्ठेने केले, आणि तरी दोघांपैकी कोणालाही ‘मंत्र्यांचा माणूस’ म्हणता येणार नाही.

माझे मत असे आहे की, राज्याने नेमलेल्या वकिलाची कारकीर्द त्याने सरकारला किती खटले जिंकून दिले यावरून मोजू नये. समोर बसलेला न्यायाधीश त्याच्या शब्दावर किती निर्धास्तपणे विसंबू शकला, यावरून ती मोजावी. सभासदांनी यावर आपले मत आणि जमल्यास आपापल्या भागातली उदाहरणे द्यावीत.

वैनगंगा:

विषय महत्त्वाचा आहे. आपण मुंबईचे उदाहरण दिले, मी नागपूरचे देतो. न्यायमूर्ती भूषण गवई यांचा जन्म अमरावतीचा. मार्च १९८५ मध्ये त्यांनी वकिली सुरू केली आणि आरंभीची वर्षे राजा भोसले यांच्याकडे काढली. भोसले हे स्वतः पूर्वी महाधिवक्ता आणि नंतर उच्च न्यायालयाचे न्यायाधीश होते. पुढे गवई यांनी मुख्यतः नागपूर खंडपीठापुढे काम केले. नागपूर आणि अमरावती या दोन्ही महानगरपालिकांचे आणि अमरावती विद्यापीठाचे ते वकील होते. ऑगस्ट १९९२ पासून जुलै १९९३ पर्यंत ते सहायक सरकारी वकील व अतिरिक्त सरकारी अभियोक्ता (फौजदारी खटल्यांत सरकारची बाजू मांडणारा वकील) होते, तर १७ जानेवारी २००० रोजी नागपूर खंडपीठाचे सरकारी वकील आणि सरकारी अभियोक्ता म्हणून त्यांची नेमणूक झाली. नोव्हेंबर २००३ मध्ये ते उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले, मे २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले आणि मे २०२५ मध्ये सरन्यायाधीश झाले.

या कारकिर्दीत महानगरपालिका आणि विद्यापीठ यांची वकिली आधी येते, ही बाब मला विशेष वाटते. पाणीपट्टी, बांधकामाची परवानगी, प्राध्यापकांच्या सेवाज्येष्ठता, परीक्षेचे निकाल, अतिक्रमणे असे विषय ज्याने सार्वजनिक संस्थेच्या बाजूने हाताळले आहेत, त्याला शासन आतून कसे चालते हे कळते. फाइल कोणत्या टेबलावर अडते आणि का अडते, हे ज्याला माहीत आहे, तो न्यायाधीश झाल्यावर अधिकाऱ्याच्या प्रतिज्ञापत्रातली पळवाट लवकर ओळखतो. विदर्भातल्या वकिलांसाठी आणखी एक गोष्ट आहे. नागपूर खंडपीठामुळे या भागातल्या माणसाला आपले गाव आणि पक्षकार न सोडता या पदांपर्यंत पोचता आले. मुंबईत खोली आणि चेंबर मिळवण्याची ऐपत नसलेल्या कितीतरी चांगल्या वकिलांच्या दृष्टीने हा फार मोठा फरक होता.

शरावती:

दोन्ही प्रतिसाद वाचले. धागाकर्त्यांच्या निकषाबद्दल मला आदर आहे, तरी एक गंभीर शंका मांडतो. सतत राज्याच्या बाजूने उभे राहिलेल्या वकिलाच्या मनात राज्याविषयी एक प्रकारचा विश्वास घट्ट बसतो आणि पुढे न्यायाधीश झाल्यावर तो अडसर ठरू शकतो, असे आपणास वाटत नाही काय? २८ एप्रिल १९७६ चा एडीएम जबलपूर खटल्याचा निकाल आठवावा. आणीबाणीत स्थानबद्ध केलेल्या नागरिकाला बंदी प्रत्यक्षीकरणाचा, म्हणजे आपली कैद कायदेशीर आहे का हे न्यायालयाने तपासावे असा, अर्जसुद्धा करता येणार नाही, असे चार न्यायाधीशांनी म्हटले आणि त्या चौघांत चंद्रचूड होते. एकटे न्यायमूर्ती खन्ना विरोधात राहिले. त्या निकालातली शासनाच्या सद्‌हेतूवरची श्रद्धा मला आजही अस्वस्थ करते. २०१७ मध्ये खासगीपणाच्या हक्काच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल चुकीचा ठरवला आणि त्या निकालपत्राचे लेखन चंद्रचूडांच्याच पुत्राने केले, हे सर्वांना माहीत आहे. माझा प्रश्न व्यक्तीविषयी नसून सवयीविषयी आहे.

कऱ्हाकाठ (धागाकर्ता):

शरावती, आपली शंका रास्त आहे आणि जबलपूरच्या निकालाचे समर्थन मी कधीही करणार नाही. तो निकाल त्या काळी आणि आजही अन्याय्यच होता. तरीही सरकारी वकिलीच्या सवयीतून तो आला, असे म्हणणे मला पटत नाही, आणि त्याचे कारण सीरवाई आहेत.

सीरवाई १९५७ पासून १९७४ पर्यंत आधी द्वैभाषिक मुंबई राज्याचे आणि मग महाराष्ट्राचे महाधिवक्ता होते. यशवंतराव चव्हाण, मारोतराव कन्नमवार आणि वसंतराव नाईक या मुख्यमंत्र्यांच्या सरकारांना त्यांनी सल्ला दिला. केशवानंद भारती खटल्यात केरळ राज्याच्या वतीने, म्हणजे संसदेच्या घटनादुरुस्तीच्या अधिकाराच्या बाजूने, त्यांनीच युक्तिवाद केला. राज्याच्या बाजूने इतकी वर्षे उभे राहिलेला दुसरा घटनातज्ज्ञ महाराष्ट्रात शोधून सापडणार नाही. आणि जबलपूरच्या निकालावर सर्वांत कठोर, मुद्द्यागणिक टीका कोणी केली असेल तर ती सीरवाईंनीच. त्यासाठी त्यांनी १९७८ मध्ये स्वतंत्र पुस्तक लिहिले. सतरा वर्षांच्या सरकारी वकिलीने त्यांची दृष्टी मंदावली नाही. उलट राज्याचे अधिकार कोठे सुरू होतात आणि कोठे संपतात, हे रोज पाहिल्यामुळेच त्यांना निकालातली चूक इतक्या नेमकेपणाने दाखवता आली, असे मला वाटते.

तसेच चंद्रचूडांच्या बाबतीतही एका निकालापाशी थांबता येणार नाही. १९८० मध्ये अटकपूर्व जामिनाचा उदार अर्थ लावणारा गुरबक्षसिंग सिब्बिया खटल्याचा निकाल त्यांचा आहे. संसदेचा घटनादुरुस्तीचा अधिकार अमर्याद नाही, असे सांगणारा मिनर्व्हा मिल्सचा बहुमताचा निकालही त्यांनीच लिहिला. मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांच्या उपजीविकेला जगण्याच्या हक्कात स्थान देणारा ओल्गा टेलिस खटल्याचा निकाल १९८५ मध्ये, त्यांच्या निवृत्तीच्या आदल्या दिवशी आला. मुंबई महानगरपालिका आणि महाराष्ट्र शासन ज्यात प्रतिवादी होते, अशा खटल्यात राज्याच्या माजी सरकारी वकिलाने हे लिहिले. (शेवटी महानगरपालिकेला झोपड्या हटवण्याची मुभा मिळाली, ही त्या निकालाची मर्यादा मी विसरलेलो नाही.)

सीरवाईंच्या उदाहरणाला एक अट जोडली पाहिजे. त्यांच्या सतरा वर्षांत राज्यात एकाच पक्षाची सत्ता होती. सरकार बदलले असते तर त्यांना ठेवले असते का, हा प्रश्न कधी उभाच राहिला नाही. आजच्या महाधिवक्त्याला तशी निश्चिती मिळत नाही.

पाणंद:

मी काही वर्षे उच्च न्यायालयात सहायक सरकारी वकील होतो. कोणत्या खंडपीठात होतो हे महत्त्वाचे नाही. बाहेरून दिसत नाही असा या कामाचा एक भाग येथे सांगावासा वाटतो.

याचिका दाखल झाली की तिची प्रत आमच्या कार्यालयात येते. आम्ही ती संबंधित विभागाकडे पाठवतो आणि परिच्छेदनिहाय अभिप्राय मागवतो. अभिप्राय वेळेवर आले तर प्रतिज्ञापत्र तयार होते, अधिकारी त्यावर शपथ घेतो आणि ते दाखल होते. हे कागदावर सोपे आहे. प्रत्यक्षात तारीख उद्यावर येते तरी अभिप्राय आलेले नसतात. तालुक्याच्या कार्यालयातून एखादा लिपिक रात्रीच्या एसटीने मूळ नस्ती घेऊन येतो आणि त्या नस्तीत नेमका हवा तो कागद नसतो. मग सकाळी न्यायालयासमोर उभे राहून मुदत मागावी लागते. खाजगी वकील मुदत मागतो तेव्हा ती एका पक्षकाराची अडचण असते. सरकारी वकील मागतो तेव्हा समोरच्या भूसंपादनग्रस्ताच्या मोबदल्याची किंवा निवृत्त शिक्षकाच्या निवृत्तिवेतनाची एक तारीख वाया जाते, आणि हे उभे असताना जाणवते.

या कामातली खरी कसोटी तेव्हा येते, जेव्हा नस्ती वाचल्यावर आपल्याला कळते की सरकार चुकले आहे. अशा वेळी संबंधित अधिकाऱ्याला फोन करून ‘साहेब, हा आदेश टिकणार नाही, तो मागे घ्या’ असे सांगावे लागते. काही अधिकारी ऐकतात. काही ‘न्यायालयाने सांगू दे, मग बघू’ असे म्हणतात, कारण न्यायालयाने सांगितले की सहीची जबाबदारी त्यांच्यावर राहत नाही. धागाकर्त्यांचा निकष मला मान्य आहे, त्याला एवढीच जोड द्यावी की सरकारी वकिलाचा शब्द न्यायालयात चालायचा असेल तर तो आधी विभागात चालला पाहिजे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ८० व्या कलमाने सरकारवर दावा करण्यापूर्वी दोन महिन्यांची नोटीस सक्तीची केली, ती सरकारला चूक सुधारण्याची संधी मिळावी म्हणून. त्या दोन महिन्यांत नोटिशीला नुसते उत्तरसुद्धा न देण्याची रीत पडली आहे आणि तिचे ओझे शेवटी वकिलाच्या खांद्यावर येते.

सह्यकडा:

आतापर्यंतची चर्चा उच्च न्यायालयाभोवती फिरली. फौजदारी बाजूकडे आणि जिल्ह्याकडेही पाहावे, असे सुचवतो. तेथे महाराष्ट्राचा इतिहास फार बोलका आहे.

१९७३ ची फौजदारी प्रक्रिया संहिता १ एप्रिल १९७४ रोजी लागू होण्यापूर्वी दंडाधिकाऱ्यांच्या न्यायालयात पोलीस अभियोक्ते खटले चालवत असत. नव्या संहितेने पोलीस आणि अभियोग वेगळे करण्याचे ठरवले. महाराष्ट्र शासनाने त्याच दिवशी अधिसूचना काढून त्या पोलीस अभियोक्त्यांना सहायक सरकारी अभियोक्ते नेमले, पण त्यांना पोलीस खात्याच्याच नियंत्रणाखाली ठेवले. पदाचे नाव बदलले आणि वरिष्ठ तेच राहिले. याविरुद्ध एस. बी. शहाणे आणि इतर अभियोक्ते न्यायालयात गेले आणि १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राज्याला या अभियोक्त्यांचा पोलीस खात्यापासून स्वतंत्र संवर्ग करण्याचा आदेश दिला. आपली स्वायत्तता मिळवण्यासाठी सरकारी अभियोक्त्यांना आपल्याच सरकारविरुद्ध दाद मागावी लागली, हे मी प्रत्येक नव्या वकिलाला आवर्जून सांगतो. आज ही पदे महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या परीक्षेतून भरली जातात, हा त्या लढ्यानंतरचा मोठा फायदा आहे.

दुसरा दाखला हितेंद्र विष्णू ठाकूर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १९९४ च्या निकालाचा. टाडा या दहशतवादविरोधी कायद्याखाली आरोपीची कोठडी वाढवण्यासाठी अभियोक्त्याचा अहवाल आवश्यक होता. पोलिसांनी दिलेला कागद तसाच पुढे सरकवणे म्हणजे अहवाल नव्हे, अभियोक्ता हा तपास यंत्रणेचा भाग नाही आणि त्याने स्वतः तपासाची कागदपत्रे पाहून मत बनवले पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले. खटला मागे घेण्याच्या बाबतीतही तसेच आहे. सरकारने कितीही आदेश काढला तरी अर्ज अभियोक्त्याने आपल्या मताने करायचा असतो आणि त्याला न्यायालयाची संमती लागते. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने त्यात पीडित व्यक्तीचे म्हणणे ऐकण्याची अट घातली, ते योग्यच झाले.

नवी सनद:

मी नुकतीच वकिली सुरू केली आहे. वरिष्ठांनी या क्षेत्रात यावे की नाही याचा सल्ला द्यावा. सरकारी पॅनेलवर गेल्यास पुढे जिल्हा न्यायाधीशपदासाठी लागणारी वकिलीची वर्षे मोजली जातात का, याविषयी आमच्यात मतभेद आहेत.

सह्यकडा:

मोजली जातात. दीपक अग्रवाल विरुद्ध केशव कौशिक या २०१३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, सरकारी अभियोक्ता किंवा सहायक सरकारी अभियोक्ता म्हणून न्यायालयात उभे राहणारा माणूस वकीलच असतो, त्यामुळे घटनेच्या २३३ व्या अनुच्छेदातल्या सात वर्षांच्या अटीसाठी तो काळ धरला जातो. सत्र न्यायालयातल्या सरकारी अभियोक्त्यासाठी सात वर्षांची आणि विशेष अभियोक्त्यासाठी दहा वर्षांची वकिली लागते. महाधिवक्त्याची पात्रता उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाइतकी असते. मात्र आपण केवळ पुढच्या पायरीसाठी यात येऊ नये, असे मनापासून सांगतो. पहिली दोन-तीन वर्षे एखाद्या जिल्हा न्यायालयात दिवाणी आणि फौजदारी असे दोन्ही प्रकारचे काम करावे, साक्षीदाराची उलटतपासणी शिकावी आणि मगच अर्ज करावा.

वैनगंगा:

नेमणुकांचा मुद्दा अजून नीट आलेला नाही आणि मला तोच सर्वांत कळीचा वाटतो. सरकार बदलले की जिल्ह्या-जिल्ह्यांतले सरकारी वकील बदलतात, हे आपण सगळे पाहतो. उत्तर प्रदेश शासनाने १९९० मध्ये एका परिपत्रकाने राज्यभरातल्या सर्व जिल्हा सरकारी वकिलांची नेमणूक एकदम संपवली होती. श्रीलेखा विद्यार्थी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते परिपत्रक रद्द केले, कारण हे पद सार्वजनिक स्वरूपाचे आहे आणि तेथे मनमानीला जागा नाही. महाराष्ट्राने १९८१ च्या दुरुस्तीने जिल्ह्यातल्या अभियोक्त्यांची यादी सत्र न्यायाधीशांशी विचारविनिमय करून तयार करण्याची तरतूद काढली आणि त्याजागी राज्य शासनाची मान्यता आणली. माझ्या मते ते मागे टाकलेले पाऊल होते. जो वकील रोज ज्यांच्यापुढे उभा राहतो, त्या न्यायाधीशाइतके त्याचे काम दुसरे कोणी जाणत नाही.

कऱ्हाकाठ (धागाकर्ता):

वैनगंगा, मी आपल्याशी पूर्ण सहमत आहे. महाधिवक्त्याचे पद मात्र वेगळे मानावे लागेल. घटनेच्या १६५ व्या अनुच्छेदाप्रमाणे तो राज्यपालांची मर्जी असेपर्यंत पदावर राहतो आणि १७७ व्या अनुच्छेदाने त्याला विधिमंडळात बोलण्याचा अधिकार आहे, मताचा नाही. सरकारचा त्याच्यावर विश्वास असणे तेथे अपरिहार्य आहे. श्रीहरी अणे यांनी मार्च २०१६ मध्ये, स्वतंत्र मराठवाड्याविषयीच्या आपल्या वक्तव्यावरून विधिमंडळात गदारोळ झाल्यावर, राजीनामा दिला. ते मत कोणाला पटो वा न पटो, पदावर राहून ते मांडता येत नाही हे दिसल्यावर त्यांनी पद सोडले, यात मला प्रतिष्ठा दिसते.

खालच्या पदांसाठी हा नियम लागू करण्याचे कारण नाही. मार्च २०१६ मध्येच पंजाब विरुद्ध ब्रिजेश्वरसिंग चहल या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पंजाब आणि हरियाणाला सांगितले की, आधी किती विधी अधिकारी लागतात याचा खरा अंदाज घ्यावा, निवड समितीने गुणवत्तेवर नावे काढावीत आणि ती उच्च न्यायालयाच्या मुख्य न्यायमूर्तींकडे मतासाठी पाठवावीत. महाधिवक्त्याला यातून वगळले होते. निर्देश त्या दोन राज्यांपुरते होते, पण इतर राज्यांनीही आपली पद्धत सुधारावी, असे न्यायालयाने त्यात लिहिले आहे. महाराष्ट्राच्या विधी अधिकाऱ्यांचे नियम १९८४ चे आहेत. त्यांत ही पद्धत आणावी, निवडलेल्या वकिलांचा अनुभव आणि निवडीचे निकष विधी व न्याय विभागाच्या संकेतस्थळावर प्रसिद्ध व्हावेत आणि प्रत्येक जिल्ह्याच्या वकील संघाने तशी लेखी मागणी करावी. पाणंद आणि सह्यकडा यांनी मसुदा करायला हात लावला तर मागणीचे पत्र याच धाग्यावर तयार करता येईल. नागपूर आणि औरंगाबाद खंडपीठांतल्या सभासदांनी त्यात आपल्याकडची परिस्थिती जोडावी.